न दिसणारी शिवण

चित्रपट पाहून घरी परतणाऱ्या माणसाला वाटेत कोणी विचारले, की यात कामे कोणी केली, तर तो नटनटींची नावे धडाधड सांगतो. गाणी कोणी लिहिली, संगीत कोणाचे, हेही त्याला बहुधा ठाऊक असते. थोडा चोखंदळ प्रेक्षक असला तर तो दिग्दर्शकाचे नाव सांगतो, आणि क्वचित छायालेखकाचेही. परंतु या चित्रपटाचे संकलन कोणी केले, असे विचारताच तो गोंधळतो. संकलन म्हणजे नेमके काय, हाच प्रश्न त्याच्या मनात उभा राहतो. या अज्ञानाबद्दल प्रेक्षकाला दोष देता येणार नाही, कारण संकलकाची कला ही मुळात आपले अस्तित्व लपविणारी कला आहे. उत्तम शिंप्याची शिवण जशी अंगरखा अंगावर असताना दिसत नाही, तसा उत्तम संकलकाचा जोड चित्रपट पाहताना जाणवत नाही.

श्रोतेहो, आजच्या भाषणासाठी मी एक असाच न दिसणारा मराठी कारागीर निवडला आहे. त्यांचे नाव एम. एस. शिंदे. नाव ऐकून कोणाचीच ओळख पटणार नाही. पण त्यांनी संकलित केलेला एक चित्रपट पाहिला नाही असा माणूस आपल्या रायपुरात, किंबहुना साऱ्या हिंदुस्थानात सापडणे कठीण. तो चित्रपट म्हणजे १५ ऑगस्ट १९७५ रोजी प्रदर्शित झालेला 'शोले'. या चित्रपटाला त्या वर्षीच्या फिल्मफेअर पारितोषिकांसाठी अनेक विभागांत नामांकने मिळाली होती. उत्कृष्ट चित्रपटाचे आणि उत्कृष्ट दिग्दर्शनाचे पारितोषिक 'दीवार'ने नेले. 'शोले'च्या वाट्याला एकच पारितोषिक आले, ते संकलनाचे. ज्या चित्रपटातील नटांच्या बोलण्याच्या लकबी पोराबाळांच्या तोंडी बसल्या, त्याचा त्या वर्षीचा सारा मान शिंदे यांच्या कात्रीला मिळाला!

ही कात्री काय करते, ते प्रथम पाहू. चित्रपटाचे चित्रण कथेच्या क्रमाने होत नाही. शेवटचा प्रसंग आधी आणि पहिला प्रसंग नंतर, एकच संवाद दूरून, जवळून, याच्या खांद्यावरून आणि त्याच्या खांद्यावरून, पुन्हा चूक झाली म्हणून दुसऱ्यांदा आणि तिसऱ्यांदा, अशा रीतीने ते चालते. या तुकड्यांना चित्रपटव्यवसायात शॉट म्हणतात. प्रयोगशाळेतून त्यांच्या कच्च्या प्रती, म्हणजे रश प्रिंट, धुऊन येतात आणि संकलकाच्या टेबलावर त्यांचा ढीग साचतो. त्यांतील कोणता घ्यावा, कोणता टाकावा, कोठे सुरू करावा, कोठे तोडावा आणि कशाला जोडावा, हे ठरविणे म्हणजे संकलन.

या ढिगाची कल्पना आकड्यांनी अधिक चांगली येईल. पस्तीस मिलिमीटरच्या फितीत एका फुटात सोळा चौकटी बसतात आणि बोलपटात दर सेकंदाला चोवीस चौकटी पडद्यावरून सरकतात. म्हणजे एका मिनिटाला नव्वद फूट फीत लागते. 'शोले'साठी सुमारे तीन लाख फूट फीत चित्रित झाली, असे सांगितले जाते. ती सलग पाहावयाची म्हटली, तर साडेपंचावन्न तास लागतील. प्रदर्शित झालेला चित्रपट १९८ मिनिटांचा, म्हणजे अठरा हजार फुटांहून किंचित कमी. याचा अर्थ असा, की दर सोळा-सतरा फुटांतील एकच फूट आपल्यापर्यंत पोहोचला आणि बाकीचे संकलनगृहातच राहिले. कोणते फूट ठेवावे, हा प्रश्न शिंदे यांच्यापुढे एकदा नव्हे, हजारो वेळा उभा राहिला असला पाहिजे.

हे काम त्या काळी अक्षरशः हाताचे होते. 'मुव्हिओला' नावाच्या यंत्राच्या लहानशा भिंगातून संकलक फीत पुढेमागे सरकवून पाही. तोडावयाच्या चौकटीवर मेणाच्या पेन्सिलीने खूण करी आणि तेथे फीत कापून दुसऱ्या तुकड्याला जोडी. आवाजाची फीत निराळी असे. ती चित्राच्या फितीशी चौकटीगणिक जुळवून ठेवावी लागे. एक चौकट म्हणजे सेकंदाचा चोविसावा भाग. दोन-चार चौकटी अधिक राहिल्या तर हाणामारी सैल वाटते आणि कमी पडल्या तर डोळ्याला धक्का बसतो. कच्ची प्रत मनासारखी झाली, की फितीच्या कडेला कारखान्यातच छापून आलेल्या क्रमांकांच्या आधारे मूळ निगेटिव्ह कापली जाई. ती एकदा कापली, की मागे फिरणे फार अवघड. म्हणून या कामाला हात स्थिर लागे आणि मन त्याहूनही स्थिर लागे.

शिंदे यांची कारकीर्द मुंबईच्या हिंदी चित्रपटसृष्टीत घडली. शंभराच्या आसपास चित्रपटांना त्यांचा हात लागला, असे म्हणतात. रमेश सिप्पी यांचे 'सीता और गीता', 'शोले', 'शान' आणि 'शक्ती' हे १९७२ ते १९८२ या दहा वर्षांतील चार प्रसिद्ध चित्रपट त्यांनी संकलित केले. दुहेरी भूमिकेच्या 'सीता और गीता'त एकाच नटीला दोन भिन्न स्वभावांच्या बहिणी म्हणून प्रेक्षकांपुढे उभे करावयाचे होते. दोघी एकाच चौकटीत दिसतात ती छायालेखकाची किमया. परंतु एकीच्या बोलण्यावर दुसरी पाहते आहे, उत्तर देण्यापूर्वी क्षणभर थांबते आहे, हा भास तुकड्यांच्या जोडणीतूनच जन्मास येतो. समोर कोणी नसताना केलेला अभिनय येथे संवाद बनतो.

'शोले'तील आगगाडीवरील दरोड्याचा प्रसंग आठवून पाहा. मुंबई-पुणे लोहमार्गावर पनवेलजवळ त्याचे चित्रण सुमारे सात आठवडे चालले होते. सात आठवड्यांत सूर्य रोज निराळ्या उंचीवर असतो, घोडे बदलतात, धूर आज इकडे तर उद्या तिकडे वाहतो. पडद्यावर मात्र हा सारा प्रसंग एका अखंड धावपळीचा आहे. घोड्यांच्या टापा, इंजिनाची चाके, बंदूक रोखणारा हात, मालडब्याच्या टपावरील उडी, असे लहान लहान तुकडे इतक्या वेगाने एकामागून एक येतात, की प्रकाशातील फरक आपल्या ध्यानात येत नाही. सात आठवड्यांची काही मिनिटे झाली आहेत, हे आपल्याला कळतही नाही.

पण वेग हा संकलनाचा सोपा भाग. त्याहून कठीण आहे ते थांबणे. ठाकूरच्या कुटुंबाच्या हत्येचा प्रसंग घ्या. गोळी लागताच एकेक माणूस कोसळू लागतो आणि त्या क्षणी चित्र गोठते. रक्ताचे प्रदर्शन नाही. शेवटी घरातील लहान मुलगा उरतो. गब्बरसिंग त्याच्यावर बंदूक रोखतो, आवाज होतो, आणि पडद्यावर मुलगा नव्हे तर स्टेशनात शिरणारी आगगाडी दिसते. त्या गाडीतून ठाकूर आनंदाने घरी येत आहे. गोळीचा बार आणि गाडीचे आगमन यांच्यामध्ये एकच जोड आहे. त्या एका जोडाने बालहत्येचे दृश्य टाळले आणि तिची वेदना दुप्पट केली, कारण जे गाडीतून उतरणाऱ्या ठाकूरला ठाऊक नाही, ते आपल्याला ठाऊक झालेले असते.

दुसरा एक प्रसंग आपल्या भागातील लोकांना विशेष जवळचा वाटावा. इमामसाहेबांचा तरुण मुलगा अहमद जबलपूरच्या विडीकारखान्यात नोकरीसाठी निघतो. ही भूमिका आपल्या सचिन पिळगांवकर यांनी केली आहे. वाटेत तो दरोडेखोरांच्या हाती सापडतो. त्याच्या हत्येचे दृश्य चित्रित झाले होते. प्रदर्शित चित्रपटात मात्र ते नाही. तेथे आपण काय पाहतो? आडवा पडलेला गब्बर आपल्या हातावर चढणारी मुंगी चिरडतो. लगेच पुढच्या शॉटमध्ये घोडा अहमदचे प्रेत घेऊन गावात येतो. मुंगीचे मरण आणि माणसाचे मरण यांत त्या माणसाला काही अंतर वाटत नाही, हे कोणत्याही संवादाने इतक्या थोडक्यात सांगता आले नसते. रशियात कुलेशोव्ह नावाच्या दिग्दर्शकाने सुमारे शंभर वर्षांपूर्वी प्रयोग करून दाखविले होते, की दोन चित्रे शेजारी ठेवली म्हणजे प्रेक्षकाच्या मनात तिसरा अर्थ निर्माण होतो आणि तो त्या दोहोंपैकी कोणत्याच चित्रात नसतो. मुंगी आणि प्रेत यांच्यामधील तो तिसरा अर्थ म्हणजे संकलकाची निर्मिती.

येथे एक शंका निघेल. हे निर्णय शिंदे यांचे की दिग्दर्शक सिप्पी यांचे? प्रामाणिक उत्तर असे, की पडद्यावरून ते कळत नाही आणि कळू नये अशीच या धंद्याची रीत आहे. दिग्दर्शकाच्या संमतीवाचून एकही तुकडा जोडला जात नाही. तथापि संमती देणे निराळे आणि जोड शोधून काढणे निराळे. शासकीय कचेरीत वीस वर्षे काढलेल्या माझ्यासारख्या माणसाला हे समजण्यास कठीण जाऊ नये. फायलीवर मसुदा एक जण करतो आणि स्वाक्षरी दुसऱ्याची असते. आदेश चांगला उतरला तर स्वाक्षरीचे कौतुक होते. मसुदा करणाऱ्याने कोणता परिच्छेद गाळला म्हणून आदेश स्पष्ट झाला, हे कोणालाच माहीत नसते. फरक एवढाच, की मसुदा करणाऱ्याला महिन्याअखेर पगार आणि पुढे निवृत्तिवेतन मिळते. संकलकाला ते मिळत नाही. या मुद्द्याकडे मी पुन्हा येणार आहे.

'शोले'च्या बाबतीत संकलकाला आणखी एक कसोटी द्यावी लागली. मूळ चित्रपटाच्या शेवटी ठाकूर गब्बरला खिळे लावलेल्या जोड्यांनी तुडवून ठार मारतो. १९७५ चे ते वर्ष आणीबाणीचे. माजी पोलीस अधिकाऱ्यानेच कायदा हातात घ्यावा, हे परिनिरीक्षण मंडळाला मान्य झाले नाही. मग नवा शेवट चित्रित झाला. ऐन वेळी पोलीस येतात, ठाकूरला थांबवितात आणि गब्बरला पकडून नेतात. तयार झालेल्या चित्रपटाचा शेवट उसवून तेथे दुसरा शेवट बेमालूम शिवणे, हे नवा अंगरखा शिवण्याहून अवघड काम. प्रदर्शनाचा दिवस जवळ आला असताना ते पार पडले आणि प्रेक्षकांच्या पिढ्यान् पिढ्या तोच शेवट खरा मानून घरी गेल्या. पन्नास वर्षांनी, २०२५ च्या जूनमध्ये, इटलीतील बोलोन्या येथील महोत्सवात या चित्रपटाची जीर्णोद्धार केलेली प्रत दाखविण्यात आली. तीत मूळचा शेवट आणि गाळलेली काही दृश्ये परत आली. आपल्या कात्रीखालून गेलेला तो शेवट लोकांनी पाहिल्याचे शिंदे यांना मात्र पाहता आले नाही.

एका चित्रपटाचे दोन शेवट, ही गोष्ट केवळ आपल्याकडेच घडली असे नाही. आपल्यापासून हजारो कोस दूर असलेल्या मेक्सिकोतही ती घडली आहे. स्पेनमधून निर्वासित झालेले दिग्दर्शक लुइस बुनुएल यांनी १९५० मध्ये तेथे 'लोस ओल्विदादोस' हा चित्रपट काढला. मेक्सिको शहराच्या दरिद्री वस्त्यांतील मुलांची ती कथा आहे. शीर्षकाचा अर्थ 'विसरले गेलेले'. त्याचे संकलक होते कार्लोस सॅव्हेज. पुढे बुनुएल यांचे 'नाझारिन' आणि 'एल आंखेल एक्स्तेरमिनादोर' हे गाजलेले चित्रपटही त्यांनीच संकलित केले. 'लोस ओल्विदादोस'चे सारे चित्रण एकवीस दिवसांत उरकले. बुनुएल यांची रीतच अशी, की लागेल तेवढेच चित्रित करावयाचे. तेव्हा कोठे तीन लाख फुटांतून वाट काढणारे शिंदे आणि कोठे मोजक्या फितीत एकही चौकट वाया न घालविता कथा उभी करणारे सॅव्हेज! एकाला अतिसमृद्धी आवरावयाची होती, तर दुसऱ्याला काटकसरीतून पूर्णता साधावयाची होती. पण दोघांचा धर्म एकच. आपला हात दिसू द्यावयाचा नाही.

त्या मेक्सिकन चित्रपटात शेवटी पेद्रो नावाच्या मुलाचा खून होतो आणि त्याचे प्रेत कचऱ्याच्या ढिगावर फेकले जाते. हा शेवट अधिकाऱ्यांना खपला नाही तर हाताशी असावा, म्हणून पेद्रो जगतो आणि सुधारशाळेत परततो असा एक सुखान्तही चित्रित करून ठेवला होता. तो वापरावा लागला नाही. पुष्कळ वर्षांनी तेथील राष्ट्रीय विद्यापीठाच्या चित्रपट संग्रहालयात तो सापडला. मेक्सिकोत कठोर शेवट पडद्यावर आला आणि सौम्य शेवट डब्यात राहिला. आपल्याकडे नेमके उलट झाले. दोन्हीकडे कथेचे अंतिम सत्य काही शे फूट फितीवर अवलंबून होते आणि ती फीत एका अनाम माणसाच्या हातात होती.

मुंबईच्या संकलनगृहांतून मराठी माणसांची अशी एक परंपराच नांदली आहे. राज कपूर यांचे 'आवारा' आणि 'श्री ४२०' जी. जी. मयेकर यांनी संकलित केले. गोव्यातील पोंबुर्पा गावचे वामन भोंसले १९५० च्या दशकात मुंबईस आले, पुष्कळ वर्षे साहाय्यक म्हणून राबले आणि १९६९ च्या 'दो रास्ते'पासून नावारूपाला आले. 'इन्कार' या चित्रपटासाठी त्यांना राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. तो चित्रपट जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांच्या एका चित्रपटावर आधारलेला होता आणि त्यात डॉ. श्रीराम लागू यांची प्रमुख भूमिका होती. भोंसले २०२१ मध्ये निवर्तले. या मंडळींची नावे रसिकांच्या गप्पांत क्वचितच निघतात.

आता शिंदे यांच्या उत्तरायुष्याकडे वळू. 'शोले'चा पहिला आठवडा थंड गेला होता. अमिताभ बच्चन यांचे पात्र शेवटी जिवंत ठेवून चित्रपट बदलावा काय, असाही विचार झाला. पण थोड्याच दिवसांत चित्र पालटले आणि मुंबईच्या मिनर्व्हा चित्रपटगृहात तो पाच वर्षांहून अधिक काळ चालला. २००५ मध्ये फिल्मफेअरने त्याला पन्नास वर्षांतील सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून गौरविले. ध्वनिमुद्रिका, दूरचित्रवाणी, तबकड्या, पुनःप्रदर्शने, अशा मार्गांनी त्याचे उत्पन्न वाढतच राहिले. संकलनाचे पारितोषिक मिळविणारे शिंदे मात्र म्हातारपणी धारावीतील एका लहानशा खोलीत, ओढगस्तीत दिवस कंठीत होते. २०१२ च्या सप्टेंबरात ते निवर्तले. तेव्हा त्यांचे वय त्र्याऐंशी होते.

याचा दोष एखाद्या व्यक्तीच्या माथी मारून मोकळे होणे सोपे आहे. पण कारण अधिक खोल आहे आणि ते व्यवस्थेत आहे. संकलकाला एका चित्रपटामागे ठरावीक रक्कम मिळते आणि तेथे हिशेब संपतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या दृष्टीने चित्रपटाचा कर्ता म्हणजे त्याचा निर्माता. २०१२ मध्ये संसदेने या कायद्यात महत्त्वाची दुरुस्ती केली. चित्रपटासाठी गीत, संगीत किंवा कथा लिहिणाऱ्यांना पुढील उत्पन्नात स्वामित्वधनाचा वाटा मिळावा आणि त्यांनाही तो सहसा सोडून देता येऊ नये, अशी तरतूद झाली. कलावंतांच्या हक्कांचाही विचार झाला. ही दुरुस्ती त्या वर्षीच्या जूनमध्ये अमलात आली. तीत संकलकाचा उल्लेख नाही. तीनच महिन्यांनी शिंदे गेले.

कायद्याचेही एका परीने समजण्यासारखे आहे. गीत कागदावर लिहिलेले असते, चाल स्वरलिपीत उतरविता येते, कथा वहीत सापडते. संकलकाची कृती कोठे दाखवावयाची? तो दोन चौकटींमधील रिकाम्या रेषेत असतो. रसिकाला जे दिसत नाही, ते कायद्यालाही दिसत नाही. म्हणून संकलकाच्या उपेक्षेचे मूळ त्याच्या कलेच्या यशातच आहे, असे म्हणावे लागते. शिवण दिसली असती तर शिंपी आठवला असता.

आता फीत गेली, मुव्हिओला गेले, मेणाची पेन्सिलही गेली. १९६५ साली मनु नायक यांनी 'कहि देबे संदेस' हा पहिला छत्तीसगढी चित्रपट काढला, तेव्हा फुटाफुटाचा हिशेब करावा लागे. आज आपल्याच रायपुरात छत्तीसगढी चित्रपट संगणकावर संकलित होतात. फितीची किंमत उरली नसल्याने चित्रण वाटेल तेवढे होते आणि उसवलेला जोड कळ दाबताच पूर्ववत होतो. हात मोकळा झाला, परंतु निवड सोपी झाली नाही. साडेपंचावन्न तासांच्या जागी शंभर तासांचा ढीग आला, तरी प्रेक्षकाचे तीन तास तेवढेच आहेत. मुंगीनंतर प्रेत यावे, हे यंत्र सुचवीत नाही.

तेव्हा श्रोतेहो, एक छोटीशी सवय आपण लावून घेऊ शकतो. 'शोले'च्या आरंभी जेलर घोड्यावरून रामगढकडे निघतो आणि मागे राहुल देव बर्मन यांचे संगीत वाजत असताना नामावली सरकत जाते. पुढच्या वेळी तो चित्रपट पाहाल तेव्हा त्या खडकांवरून आणि घोड्यांवरून क्षणभर नजर काढून तेथील अक्षरे वाचा. एम. एस. शिंदे हे नाव तेथे काही सेकंदच राहते. दर सेकंदाला चोवीस चौकटी, या हिशेबाने पाहिले तर तेही थोडे नाही. ते आपण वाचावे आणि मग पुढील तीन तास त्या माणसाला खुशाल विसरावे. त्याची स्वतःची इच्छाही याहून निराळी नसती.